सोंगाड्याची नजर आणि सत्तेचा चेहरा : निळू फुले यांच्या अभिनय-कारकिर्दीचा चिकित्सक अभ्यास

सारांश :

निळू फुले (१९३०–२००९) यांची ओळख मराठी प्रेक्षकांच्या मनात प्रामुख्याने ग्रामीण खलनायक अशी आहे. ही ओळख खोटी नसली तरी अपुरी आहे. राष्ट्र सेवा दलाचे कलापथक, लोकनाट्य, व्यावसायिक रंगभूमी आणि चित्रपट अशा चार टप्प्यांतून घडलेल्या या नटाने पुढाऱ्याची टिंगल करणाऱ्या सोंगाड्याची नजर पुढाऱ्याच्या भूमिकेत नेली आणि त्यातून सत्तेचे एक विश्वसनीय, अंतर्बाह्य चित्र उभे केले, हे प्रस्तुत लेखाचे मुख्य प्रतिपादन आहे. ही नजर जेथे टिकली तेथे श्रेष्ठ भूमिका निर्माण झाल्या. जेथे ती सुटली तेथे केवळ लकब उरली. या दोन्ही बाजूंचा विचार येथे केला आहे.

बीजसंज्ञा : चरित्र अभिनेता, लोकनाट्य, सोंगाड्या, ग्रामीण सत्ताकारण, सहकार, स्त्रीचित्रण.

प्रस्तावना :

महाविद्यालयाच्या स्नेहसंमेलनात नकलांचा कार्यक्रम असला की एखादा विद्यार्थी हमखास टोपी तिरकी करतो, डोळे बारीक करतो, आवाज घशात ओढतो आणि एखाद्या काल्पनिक स्त्रीला वाड्यावर येण्याचे निमंत्रण देतो. सभागृहात हशा पिकतो. ही नक्कल कोणाची हे सांगावे लागत नाही. १३ जुलै २००९ रोजी पुणे येथे निळू फुले यांचे निधन झाले. त्यानंतर जन्मलेली मुलेही त्यांना या नकलेतून ओळखतात. एखादा नट मृत्यूनंतर इतका काळ लोकांच्या जिभेवर राहतो, ही त्याच्या लोकप्रियतेची खूण होय. परंतु तो नेमका कोणत्या रूपात राहतो, हा प्रश्न समीक्षेने विचारावयास हवा.

निळू फुले यांच्याविषयी मराठीत लिहिले गेले ते बहुतांशी आठवणींच्या स्वरूपात. साधी राहणी, वाचनाची आवड, समाजकार्यातील सहभाग आणि पडद्यावरील दुष्ट माणूस प्रत्यक्षात किती सज्जन होता याचे नवल, असा या लेखनाचा सर्वसाधारण आराखडा दिसतो. माणूस म्हणून त्यांचे मोठेपण निर्विवाद आहे. परंतु नटाचे मोठेपण त्याच्या सज्जनपणाने सिद्ध होत नाही. ते त्याच्या भूमिकांतून सिद्ध करावे लागते. त्यांच्या भूमिकांना एकमेकींशी जोडणारे सूत्र कोणते, आणि त्या भूमिकांनी महाराष्ट्राच्या सामाजिक वास्तवाविषयी आपल्याला काय सांगितले, याचा शोध घेणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. चांदवडसारख्या तालुक्याच्या गावी राहून हा विचार करण्यास एक वेगळे कारणही आहे. बाजार समिती, सहकारी संस्था, पंचायत समिती आणि यात्रेतला तमाशा हे ज्या समाजाचे रोजचे जग आहे, त्याच समाजाचे चित्र फुले यांनी पडद्यावर उभे केले. येथील प्रेक्षक त्या चित्राचा केवळ साक्षीदार नव्हता. चित्राचा विषयही तोच होता.

१. ‘चरित्र अभिनेता’ ही संकल्पना :

मराठी चित्रपट व्यवहारात नायक, नायिका, खलनायक, विनोदी नट आणि चरित्र अभिनेता असे स्थूल वर्गीकरण रूढ आहे. यातील ‘चरित्र अभिनेता’ ही संज्ञा वडील, काका, डॉक्टर, वकील अशा दुय्यम भूमिका करणाऱ्या प्रौढ नटासाठी सैलपणे वापरली जाते. वस्तुतः तिचा अर्थ अधिक व्यापक आहे. कथेतील माणसाचा स्वभाव, व्यवसाय, वर्ग आणि भूतकाळ आपल्या देहातून व वाणीतून सुचविणारा नट तो चरित्र अभिनेता होय. त्याच्याकडे नायकाचे देखणेपण नसते. त्याची मदार निरीक्षणावर असते.

ब्रिटिश रंगभूमी व चित्रपटात या परंपरेला मोठा मान आहे. एडिंबरो येथे १९०० साली जन्मलेले स्कॉटिश नट ॲलिस्टर सिम हे त्याचे चांगले उदाहरण. अभिनयाकडे वळण्यापूर्वी ते वक्तृत्व व उच्चार या विषयांचे अध्यापन करीत असत. पुढे रंगभूमी आणि चित्रपट या दोन्ही माध्यमांत त्यांनी नाव मिळविले. १९५१ साली पडद्यावर आलेला त्यांचा कंजूष स्क्रूज आजही आदर्श मानला जातो. एडिंबरो विद्यापीठाच्या रेक्टरपदीही त्यांची निवड झाली होती. सिम यांचा चेहरा आणि आवाज प्रत्येक भूमिकेत ओळखू येतो, तरीही प्रत्येक भूमिकेत त्यांचा अर्थ बदलतो. विनोद आणि विषाद यांचे प्रमाण ते भूमिकेगणिक वेगळे ठेवतात. मोठ्या चरित्र अभिनेत्याची कसोटी हीच असावी. वेष बदलून ओळखू न येणे हे बहुरूप्याचे कौशल्य आहे. ओळखू येऊनही वेगळा माणूस वाटणे हे त्याहून अवघड होय.

या कसोटीवर निळू फुले यांचा विचार केल्यास त्यांना ‘खलनायक’ या कप्प्यात ठेवणे अन्यायकारक ठरते. त्यांचा घोगरा, ओढलेला आवाज, अर्धवट मिटलेले डोळे आणि संथ हालचाली या सर्वत्र त्याच आहेत. परंतु हिंदुराव पाटलाच्या डोळ्यांतील सावधपणा आणि दिगू टिपणीसच्या डोळ्यांतील थकवा हे एकच नाहीत.

२. जडणघडण : सेवा दल आणि लोकनाट्य :

निळकंठ कृष्णाजी फुले यांचा जन्म पुण्यातील एका कष्टकरी कुटुंबात झाला. तरुणपणी ते पुण्याच्या सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयात माळी म्हणून काम करीत. स्वतःची रोपवाटिका काढावी ही त्यांची इच्छा होती, पण भांडवलाअभावी ती पूर्ण झाली नाही. महिन्याच्या ८० रुपये पगारातील १० रुपये ते राष्ट्र सेवा दलाला देत. १९४१ मध्ये स्थापन झालेल्या या संघटनेने समाजवादी विचारांच्या तरुणांची एक पिढी घडविली. तिच्या कलापथकांनी गाणी, पोवाडे व लोकनाट्ये यांच्या माध्यमातून हा विचार खेड्यापाड्यांत नेला. फुले यांचे अभिनयाचे शिक्षण झाले ते याच कलापथकात.

१९५७ च्या सार्वत्रिक निवडणुकीच्या निमित्ताने त्यांनी ‘येरागबाळ्याचे काम नोहे’ हा वग लिहिला. पु. ल. देशपांडे यांच्या ‘पुढारी पाहिजे’ मधील रोंग्याच्या भूमिकेने त्यांचे नाव झाले. त्यानंतर शंकर पाटील यांच्या ‘कथा अकलेच्या कांद्याची’ या लोकनाट्याने त्यांना महाराष्ट्रभर पोचविले. या तिन्ही कलाकृतींच्या शीर्षकांवरूनही त्यांची दिशा ध्यानात येते. निवडणूक, पुढारी आणि स्वतःला शहाणा समजणारा माणूस हे त्यांचे विषय आहेत. फुले यांचा कलाप्रवास राजकीय उपहासातून सुरू झाला, ही बाब त्यांच्या पुढील खलभूमिकांचा विचार करताना सहसा विसरली जाते.

तमाशातील सोंगाड्याचे स्थान येथे समजून घ्यावे लागेल. वगात राजा असतो, प्रधान असतो, आणि सोंगाड्या त्यांच्या पायाशी वावरत असतो. त्याला अधिकार नसतो. त्याच्याकडे असते ती हजरजबाबी जीभ. राजाच्या बोलण्यातील विसंगती तो पकडतो, तिचा फुगा प्रेक्षकांसमोर फोडतो आणि पुन्हा भोळेपणाचा आव आणतो. यासाठी त्याला राजाचे बोलणे, चालणे आणि खोटे बोलताना होणारी त्याची अडचण ही सर्व बारकाईने पाहावी लागते. सत्ता वरून कशी दिसते हे राजाला ठाऊक असते. ती खालून कशी दिसते हे सोंगाड्यालाच कळते.

लोकनाट्याने फुले यांना आणखी एक गोष्ट शिकविली. ती म्हणजे प्रेक्षकाशी थेट नाते. उघड्या मैदानावर समोर बसलेल्या हजारो माणसांना बांधून ठेवायचे तर शब्द फेकण्याची वेळ आणि थांबण्याची वेळ अचूक साधावी लागते. फुले यांच्या चित्रपटांतील संवादफेकीत जो विराम आढळतो, त्याचे मूळ येथे आहे. वाक्य उच्चारण्यापूर्वीचा तो क्षण प्रेक्षकाला विचार करावयास लावतो. पुढचे शब्द काय असतील याचा अंदाज प्रेक्षकाला येतो आणि त्या अंदाजानेच तो धास्तावतो.

३. झेले अण्णा ते हिंदुराव : सत्तेचे नवे रूप :

१९६८ मध्ये अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’ या चित्रपटातून फुले पडद्यावर आले. त्यातील झेले अण्णा ही भूमिका गाजली. हा काळ महत्त्वाचा आहे. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य स्थापन झाले. जिल्हा परिषदा व पंचायत समित्यांचा कायदा १९६१ मध्ये झाला आणि १ मे १९६२ पासून राज्यात पंचायत राज्य अमलात आले. दुसरीकडे प्रवरानगरच्या प्रयोगापासून सुरू झालेली सहकारी साखर कारखानदारी विस्तारत होती. या बदलांनी ग्रामीण महाराष्ट्राला शाळा, रस्ते, पाणी आणि पतपुरवठा दिला. त्याचबरोबर गावातील सत्तेचे स्वरूपही बदलले. जुना पाटील वतनाच्या बळावर उभा होता. नवा पाटील निवडून येत होता. त्याच्या हाती कर्ज, नोकरी आणि उसाची तोड होती. तो लोकशाहीची भाषा बोलत होता.

जुन्या मराठी चित्रपटातील खलनायकाकडे या नव्या माणसासाठी शब्द नव्हते. मिशांना पीळ देणारा, आरडाओरडा करणारा, चाबूक घेऊन फिरणारा जमीनदार आता कालबाह्य झाला होता. फुले यांनी जो माणूस उभा केला तो ओरडत नाही. त्याला ओरडण्याची गरजच नाही. तो हळू बोलतो, कारण ऐकणारे कान देऊन ऐकतात. तो घाई करीत नाही, कारण वेळ त्याच्या बाजूने आहे. समोरच्याला तो आदराने संबोधतो आणि त्या आदरातच धमकी दडलेली असते. सत्तेची ही सावकाश चाल फुले यांचे मोठे योगदान आहे. अभिनयाच्या परिभाषेत बोलावयाचे तर त्यांनी खलत्व कृतीतून काढून लयीत आणले.

या वाटचालीचा परमोत्कर्ष म्हणजे ‘सामना’ (१९७५). विजय तेंडुलकर यांचे लेखन, जब्बार पटेल यांचे दिग्दर्शन आणि रामदास फुटाणे यांची निर्मिती असलेला हा चित्रपट त्या वर्षी बर्लिनच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात दाखविला गेला. साखरसम्राट हिंदुराव धोंडे पाटील एका भणंग, दारूच्या आहारी गेलेल्या मास्तरांना आसरा देतो. मास्तर मात्र मारुती कांबळेचे काय झाले, हा एकच प्रश्न गावभर विचारत राहतात. सुरुवातीस तो प्रश्न हिंदुरावाला गमतीचा वाटतो, पुढे तो त्याला झोपू देत नाही.

मास्तरांच्या भूमिकेत डॉ. श्रीराम लागू होते. मूळचे शल्यचिकित्सक असलेले लागू त्यापूर्वी १९७० मध्ये, नाशिककर कुसुमाग्रजांच्या ‘नटसम्राट’ मधून, मराठी रंगभूमीवरील एक मानदंड ठरले होते. एक नट भाषेच्या वैभवातून आलेला, दुसरा वगाच्या मैदानातून आलेला. ‘सामना’ मध्ये हे दोन अभिनयसंप्रदाय समोरासमोर येतात आणि चित्रपटाचे नाव वेगळ्या अर्थानेही सार्थ ठरते. लागूंचे मास्तर बोलून व्यक्त होतात. फुले यांचा हिंदुराव ऐकून व्यक्त होतो. मास्तरांचा प्रश्न ऐकताना त्याच्या चेहऱ्यावरील सौजन्य तसूभरही हलत नाही, पण त्यामागील हिशेब चालू असल्याचे प्रेक्षकाला जाणवत राहते.

हिंदुराव हा निव्वळ दुष्ट नाही, हे फुले यांनी जाणले होते. त्याने गावाचा कायापालट केला आहे आणि त्याला त्याचा रास्त अभिमान आहे. भोवती होयबांची गर्दी असल्यामुळे बरोबरीने बोलणारा माणूस त्याला हवासा वाटतो. मास्तरांना तो जवळ करतो त्यामागे ही एकाकी गरज आहे, आणि तीच त्याच्या नाशाला कारणीभूत होते. विकास केला म्हणून एक खून माफ व्हावा, असे या माणसाला मनापासून वाटते. हा विचार त्याला भयंकर बनवितो. तो एकट्या हिंदुरावाचा विचार नाही, म्हणून तो प्रेक्षकालाही अस्वस्थ करतो. शेवटी हिंदुराव कायद्याच्या स्वाधीन होतो, तेव्हा प्रेक्षकाला विजयाचा आनंद होत नाही. तो होऊ नये अशीच फुले यांच्या अभिनयाची योजना आहे. ज्याने पुढाऱ्याला खालून पाहिले होते, त्या सोंगाड्याने आता त्याला आतून पाहिले. दोन्ही बाजू ठाऊक असल्यामुळे हे चित्र ना व्यंगचित्र झाले, ना उदात्तीकरण.

४. घर, गाव आणि मंत्रालय : तेंडुलकरांच्या तीन भूमिका :

निळू फुले यांच्या कारकिर्दीतील तीन महत्त्वाच्या भूमिका विजय तेंडुलकर यांच्या लेखणीतून आल्या आहेत. त्या एकत्र ठेवून पाहिल्यास एक अर्थपूर्ण रेषा दिसते. ‘सखाराम बाइंडर’ (१९७२) या नाटकात सत्ता घराच्या चार भिंतींत आहे. ‘सामना’ मध्ये ती गावावर आहे. ‘सिंहासन’ (१९७९) मध्ये ती राज्यावर आहे.

कमलाकर सारंग दिग्दर्शित ‘सखाराम बाइंडर’ वर अश्लीलतेचा आरोप झाला, प्रयोगांवर बंदी आली आणि प्रकरण मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेले. वादाच्या गदारोळात फुले यांच्या अभिनयाची चर्चा मात्र काहीशी झाकोळली. पुस्तकबांधणी करणारा सखाराम नवऱ्यांनी टाकलेल्या बायकांना आसरा देतो आणि त्याच्या अटी सुरुवातीलाच स्पष्ट करतो. तो आपल्या वासनेचे समर्थन करीत नाही आणि ती लपवीतही नाही. हिंदुराव सर्व काही झाकतो, सखाराम सर्व काही उघड करतो. फुले यांनी या उघडेपणाला गावरान रोखठोकपणाची धार दिली. तरीही लक्ष्मी आणि चंपा यांच्या दरम्यान सापडल्यावर त्याचे बळ ओसरत जाते आणि उरतो तो घाबरलेला, म्हणूनच हिंसक झालेला पुरुष. अटी घालणाऱ्याची सत्ता किती ठिसूळ असते, हे या भूमिकेने दाखविले.

अरुण साधू यांच्या ‘सिंहासन’ व ‘मुंबई दिनांक’ या कादंबऱ्यांवर आधारित आणि जब्बार पटेल दिग्दर्शित ‘सिंहासन’ मध्ये फुले यांच्याकडे पत्रकार दिगू टिपणीसची भूमिका आली. मुख्यमंत्री जिवाजीरावांच्या भूमिकेत अरुण सरनाईक आणि अर्थमंत्री विश्वासरावांच्या भूमिकेत लागू होते. आतापर्यंत सत्ता गाजविणारा नट येथे सत्तेचा प्रेक्षक झाला. दिगूला सर्व ठाऊक आहे आणि त्या ठाऊक असण्याचा काहीही उपयोग नाही. अखेरीस भान सुटल्याप्रमाणे तो हसत सुटतो. मराठी चित्रपटातील हे एक अत्यंत करुण हसणे आहे. सोंगाड्याचे हसणे राजाला उघडे पाडते. दिगूचे हसणे कोणालाही उघडे पाडू शकत नाही, कारण सर्व जण आधीच उघडे आहेत आणि कोणालाही त्याची लाज उरलेली नाही. १९५७ मध्ये वगातून सुरू झालेला उपहास येथे येऊन हतबल होतो. एका नटाच्या प्रवासातून महाराष्ट्राच्या राजकीय अपेक्षाभंगाचा आलेख असा वाचता येतो.

याच सुमारास जयवंत दळवी यांच्या ‘सूर्यास्त’ या नाटकात त्यांनी आप्पाजींची भूमिका केली. स्वातंत्र्यलढ्यातील हा गांधीवादी वृद्ध आणि त्याचा मुख्यमंत्री झालेला मुलगा यांच्यातील संघर्ष हा या नाटकाचा विषय. हिंदुरावाला देहात वागविणाऱ्या नटाने त्याच आवाजातून आप्पाजींचा नैतिक अधिकार व्यक्त केला. हिंदुरावाच्या हळू बोलण्यात धाक होता, आप्पाजींच्या हळू बोलण्यात क्लेश होता. पहिल्या विभागात मांडलेली कसोटी येथे पुरेपूर उतरते.

हिंदी चित्रपटात त्यांना अशा संधी थोड्याच मिळाल्या. ‘सारांश’ (१९८४) मधील गजानन चित्रे हा राजकारणी त्यांच्या मराठी भूमिकांचा सख्खा भाऊ शोभतो. मध्यमवर्गीय निवृत्त शिक्षकाच्या घरावर पडणारी त्याची छाया चित्रपटाला सामाजिक वजन देते. ‘कुली’ (१९८३) सारख्या चित्रपटांत मात्र त्यांच्या वाट्याला ठरावीक कामे आली. १९९१ चा संगीत नाटक अकादमी पुरस्कार त्यांना अभिनयासाठी मिळाला, तो त्यांच्या एकूण कार्याचा उचित गौरव होय.

५. मर्यादा : पुनरावृत्ती आणि स्त्रीचित्रण :

या कारकिर्दीचा गौरव करताना तिच्या मर्यादांकडे दुर्लक्ष करणे समीक्षेला शोभणारे नाही. फुले यांच्या चित्रपटांची संख्या मोठी आहे आणि त्यांतील बऱ्याच चित्रपटांनी त्यांच्याकडून एकच माणूस पुन्हा पुन्हा करवून घेतला. टोपी, धोतर, वाडा, दोन हस्तक आणि संकटात सापडलेली एक तरुणी हा साचा तयार झाला. ‘हऱ्या नाऱ्या जिंदाबाद’ (१९७२) मध्ये राम नगरकर यांच्या जोडीने विनोद साधणारा, ‘सोंगाड्या’ (१९७१) सारख्या चित्रपटाच्या खेळकर वातावरणात सहज वावरणारा नट या साच्यात अडकला. साचा यशस्वी होता, म्हणूनच तो घातक ठरला. हिंदुरावाच्या संथपणामागे कारखाना, संचालक मंडळ आणि मतांचे गणित होते. साच्यातील पाटलाच्या संथपणामागे काहीच उरले नाही. सत्तेचे विश्लेषण गेले आणि वासना तेवढी शिल्लक राहिली.

येथे स्त्रीचित्रणाचा प्रश्न उपस्थित होतो. या चित्रपटांतील स्त्री बहुधा पाटलाच्या नजरेची शिकार असते. कथा पाटलाचा निषेध करते, परंतु कॅमेरा कित्येकदा पाटलाच्याच नजरेने तिच्याकडे पाहतो. अन्यायाचे दर्शन आणि अन्यायाचे मनोरंजन यांतील सीमारेषा पुसट होते. ग्रामीण भागातील स्त्रिया फुले यांना प्रत्यक्ष पाहिल्यावर शिव्याशाप देत असत, असे सांगितले जाते. याकडे आपण नटाच्या यशाची पावती म्हणून पाहतो. त्या शिव्यांत त्या स्त्रियांचा स्वतःचा अनुभवही बोलत असावा, याकडे मात्र आपले लक्ष जात नाही.

चांदवडला या संदर्भात स्वतःचे एक उत्तर आहे. नोव्हेंबर १९८६ मध्ये शेतकरी संघटनेच्या महिला आघाडीचे अधिवेशन येथे भरले. महाराष्ट्राच्या कानाकोपऱ्यातून ग्रामीण स्त्रिया फार मोठ्या संख्येने या गावी आल्या. स्त्रियांनी पंचायत राज्याच्या निवडणुका लढवाव्यात, हा विचार येथे मांडला गेला. शेतकरी संघटनेने पुढील काळात स्त्रीच्या नावे जमीन करण्याची ‘लक्ष्मीमुक्ती’ची मोहीमही चालविली. पडद्यावरील ग्रामीण स्त्री वाड्याच्या दारात थरथरत उभी असताना, प्रत्यक्षातील ग्रामीण स्त्री शेतकरी म्हणून आपला हक्क मागत होती. त्या दशकातील ग्रामीण मराठी चित्रपटाला ही स्त्री दिसली नाही. हा दोष एकट्या नटाचा नव्हे, तो लेखक, दिग्दर्शक, निर्माते आणि तिकीट काढणारा प्रेक्षक या सर्वांचा आहे. तरीही लोकप्रिय प्रतिमेचा भार नटाच्याच खांद्यावर येतो, हे वास्तव नाकारता येत नाही.

फुले यांना या विसंगतीची जाणीव नव्हती असे म्हणता येणार नाही. पडद्याबाहेर त्यांनी आपले वजन सतत दुसऱ्या पारड्यात टाकले. सामाजिक कृतज्ञता निधीसाठी ‘लग्नाची बेडी’ च्या प्रयोगांत डॉ. लागू यांच्यासमवेत त्यांनी काम केले. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीला त्यांनी साथ दिली. शेतकऱ्याच्या दुरवस्थेवरील ‘गोष्ट छोटी डोंगराएवढी’ (२००९) हा त्यांचा अखेरच्या काळातील चित्रपट. सेवा दलाच्या मंचावर सुरू झालेली वाट अशा रीतीने शेतकऱ्याच्या बांधावर येऊन थांबली.

६. नक्कल, विस्मरण आणि अध्यापन :

प्रारंभी उल्लेखिलेल्या नकलेकडे आता पुन्हा वळू. नक्कल ही मुळात सोंगाड्याचीच कला आहे. फुले यांनीही पुढाऱ्याची नक्कलच केली होती. परंतु त्यांच्या नकलेत पुढारी उघडा पडत होता. आजच्या नकलेत पुढारी सुटतो आणि तिच्या निशाण्यावर ती काल्पनिक स्त्री येते. ज्या कलेने सत्तेला हास्यास्पद केले तिच्याच आधारे आता सत्तेची गंमत साजरी होते. हा बदल किरकोळ नाही. आपले विद्यार्थी हसतात तेव्हा ते कोणाच्या बाजूने हसतात, हा प्रश्न वर्गात विचारण्यासारखा आहे.

सत्तेची रूपेही आता बदलली आहेत. १९९२ च्या त्र्याहत्तराव्या घटनादुरुस्तीने स्थानिक स्वराज्य संस्थांत स्त्रियांना किमान एक तृतीयांश जागा दिल्या आणि महाराष्ट्राने २०११ मध्ये हे प्रमाण निम्म्यावर नेले. सरपंचाच्या खुर्चीवर आज स्त्री बसते. अनेक ठिकाणी ती समर्थपणे कारभार करते, तर काही ठिकाणी तिच्या शेजारच्या खुर्चीवर बसलेला पतीच बोलतो. तो टोपी घालीलच असे नाही आणि त्याला वाडाही लागत नाही. फुले आज असते तर त्यांनी या शेजारच्या खुर्चीवरील माणसाचे निरीक्षण केले असते, असे वाटते. त्यांच्या अभिनयाचा खरा वारसा टोपीत नाही, या निरीक्षणात आहे.

मराठी, राज्यशास्त्र आणि समाजशास्त्र या तिन्ही विषयांच्या अध्यापकांना फुले यांच्या भूमिका उपयोगी पडू शकतात. ‘सामना’ हा चित्रपट पंचायत राज्य व सहकार या घटकांच्या सोबत दाखविता येईल. ‘सखाराम बाइंडर’ शिकविताना संहितेबरोबर अभिनयाच्या अंगाने चर्चा घडविता येईल. नकलेने हसलेल्या विद्यार्थ्याला मूळ भूमिका दाखविणे, हा त्या नकलेवरचा सर्वांत चांगला उपाय होय.

निष्कर्ष :

१. निळू फुले यांच्या अभिनयाचे मूळ राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात व लोकनाट्यातील राजकीय उपहासात आहे. त्यांचा ग्रामीण खलपुरुष हा या उपहासाचाच पुढील टप्पा आहे.

२. पंचायत राज्य व सहकार यांतून उदयास आलेल्या नव्या ग्रामीण सत्तेला त्यांनी संथ लय, विराम आणि सौजन्यातील धाक यांच्या साहाय्याने पडद्यावर चेहरा दिला.

३. ‘सखाराम बाइंडर’, ‘सामना’ आणि ‘सिंहासन’ या तीन कलाकृतींतून त्यांनी घर, गाव आणि राज्य या तीन पातळ्यांवरील सत्तेचा अनुभव साकारला. ‘सूर्यास्त’ मधील आप्पाजी त्याला नैतिक प्रतिबाजू देतात.

४. साचेबंद चित्रपटांनी त्यांच्या अभिनयातील विश्लेषण गाळून लकब तेवढी ठेवली. या चित्रपटांतील स्त्रीचित्रण ही त्यांच्या प्रतिमेची गंभीर मर्यादा आहे.

५. आजची लोकप्रिय नक्कल ही या लकबीची नक्कल आहे. तिच्यामागे दडलेल्या चरित्र अभिनेत्याची ओळख करून देणे ही समीक्षेची व अध्यापनाची जबाबदारी आहे.

माळीकाम करणाऱ्या या नटाला रोपवाटिका काढता आली नाही. परंतु गावच्या मातीत सत्ता कशी रुजते, कोणाच्या पाण्यावर पोसते आणि कोणाची सावली हिरावून घेते, हे त्याने आयुष्यभर न्याहाळले आणि आपल्याला दाखविले. ते पाहणे आता आपल्याकडे आहे.